टॉकीजमधलं गाऱ्हाणं

माझे बाबा एकदा सिनेमात दिसले होते. खऱ्या सिनेमात नव्हे, सिनेमाच्या आधी जी डॉक्युमेंटरी दाखवायचे आणि लोक बाहेर विड्या ओढत उभे राहायचे, तिच्यात. देशाची धरती, देशाची माणसं, देशाची संस्कृती असलं काहीतरी भारदस्त नाव होतं तिला. बर्फाचे डोंगर, वाळवंट, नद्या, नावा, नाचणाऱ्या बायका आणि मध्येच पिकलेल्या भाताच्या बांधावर उघडाबंब उभा असलेला एक कोकणी शेतकरी. ते बाबा. शेतकरी कसले डोंबलाचे! अख्खं आयुष्य परळच्या गिरणीत साचेखात्यात गेलं, चार चार साचे, म्हणजे कापडाचे माग, एकट्याने चालवले. अंगात कायम इस्त्रीचा शर्ट असायचा. लंगोटी त्यांनी त्या एका सकाळीच नेसली, तीसुद्धा शूटिंगवाल्यांच्या ट्रंकेतली.

तेव्हा गिरणी बंद होती. संप सुरू झाला तेव्हा ढोल वाजले होते, पण संप संपला असं येऊन कुणी सांगितलंच नाही. माणसं थकत गेली, गावी गेली, भाजीच्या गाड्या लावल्या, आणि आमच्या गिरणीचं गेट होतं तसंच बंद राहिलं. आम्ही परळची खोली विकून चारकोपला आलो. चारकोपला नुकतेच सेक्टर आखले होते. रस्त्याच्या जागी खडीचे ढीग, घरांच्या जागी कमरेएवढ्या भिंती. मागे खाडी, तिवरं, मिठागर. भरतीला मागच्या गटारात खेकडे चढायचे. एका अंगाला जुन्या गावाची उरलीसुरली भातशेती आणि दुसऱ्या अंगाला कारखान्यांचे पत्र्याचे गाळे. त्यातल्या एका गाळ्यात मी प्लास्टिकच्या झाकणांच्या कडा कापायला जायचे. आई घरी काज-बटणं करायची. रोज डंपर यायचे आणि खाडीत डेब्रिज ओतून जायचे. आमच्या डोळ्यांदेखत पाणी मागे मागे हटत गेलं, आणि आम्हीही त्या डेब्रिजमधल्या बऱ्या विटा उचलून आणून घराची पायरी बांधली.

बाबा मात्र रोज सकाळी दाढी करून, केस विंचरून तयार बसायचे. आठवड्यातून एकदा परळला जाऊन गेट बघून यायचे.

"काय झाला?" आई विचारायची.

"बंदच हा. पण कुलूप बदाललेला हा. नवीन कुलूप लावल्यानी म्हणजे कायतरी हालचाल आसतली."

या माणसाला जगात दुसरं काही नकोच होतं. गिरणी उघडावी आणि आपण आपल्या साच्यांपुढे जाऊन उभं राहावं. आम्हाला काम करताना बघायचे तेव्हा त्यांचा चेहरा असा व्हायचा की मला वाटायचं, नको ते झाकण आणि नको तो पगार.

शेजारी एक काका राहायचे. साताऱ्याकडचे, बौद्ध. शूटिंगची गाडी चालवायचे. त्यांचं आणि बाबांचं जमायचं म्हणजे दिवसभर एकमेकांना टोमणे. हे त्यांना घाट्या म्हणणार, ते यांना कोकण्या. काकांच्या घरी देव नव्हता, आमच्या घरी देवांना जागा पुरत नव्हती. "तुझे एवढे देव, कोकण्या, एकाकडे पण गिरणीची चावी नाही?" असं काका विचारायचे, आणि बाबा हसायचे. दुसऱ्या कुणी विचारलं असतं तर वाट लागली असती त्याची.

तर या काकांनी एक दिवस येऊन सांगितलं, त्यांच्या कंपनीचा डायरेक्टर देशावर फिल्म करतोय. सगळा देश फिरून झालाय, कोकण राहिलंय, आणि कोकणात जाण्याइतके दिवस उरले नाहीत. इथलीच भातशेती कोकण म्हणून घेणार आहेत. एक कोकणी माणूस हवाय, काहीतरी प्रार्थनाबिर्थना म्हणणारा.

"तुझं ते गाऱ्हाणं म्हण की," काका म्हणाले.

गाऱ्हाणं हा आमच्या घराचा मान. गावच्या देवळात देवापुढे नारळ-विडा ठेवून सगळ्यांच्या वतीने मागणं मागायचं, ते आमच्या घराने. परळच्या चाळीतही तो मान बाबांकडेच होता. गणपती असो, लग्न असो, कुणाचा पोरगा नोकरीच्या इंटरव्ह्यूला निघालेला असो, बाबांना बोलवायचे. बाबा एकेक मागणं मोठ्याने घालायचे, आणि प्रत्येक मागण्यानंतर जमलेल्या सगळ्यांनी म्हणायचं, "होय म्हाराजा!" ते होय नुसतं शोभेचं नाही. माणसांनी होय म्हटलं की मागणं देवाकडे पोचतं. होय नाही झालं तर गाऱ्हाणं अधांतरी राहतं, आणि ते तसं लटकत असताना दुसरं घालायचं नाही. ज्याला होय झालं ते फुकट जात नाही, असं बाबा छातीवर हात ठेवून सांगायचे. नोकरीला लागलेल्या पोरांची नावं घ्यायचे.

गिरणीसाठी मात्र त्यांनी गाऱ्हाणं घातलं नव्हतं. चारकोपला माणसंच नव्हती जमवायला. पाच भिंतींआड पाच राज्यांतली माणसं, कोण कुणाला होय म्हणणार? म्हणून काकांनी विचारलं तेव्हा बाबांच्या डोक्यात एकदम उजेड पडला असावा. लगेच हो म्हणाले.

शूटिंग सकाळी लवकर होतं. मी आणि आई बघायला गेलो. डायरेक्टर दाढीवाला, खादीचा कुर्ता घातलेला, तसा गोड बोलणारा माणूस. त्याने बाबांचा शर्ट उतरवला, घड्याळ काढलं, लंगोटी दिली, खांद्यावर कांबळं दिलं. त्या उकाड्यात कांबळं! आईने पदर तोंडाला लावला. हसतेय असं मला आधी वाटलं. मग कॅमेरा कुठे लावायचा यावर अर्धा तास गेला. डावीकडे वळवला की गाळ्यांचे पत्रे यायचे. उजवीकडे वळवला की डंपर यायचा. मागे घेतला की आमच्याच घराची पायरी आणि दोरीवर वाळणारा माझा पंजाबी ड्रेस. शेवटी त्यांनी एक एवढीशी चौकट शोधली. तिच्यात भात, मिठागरातलं चमकणारं पाणी, आकाश आणि बाबा एवढंच मावत होतं. देश त्या चौकटीत होता आणि आम्ही सगळे बाहेर.

बाबांनी नारळ हातात घेतला आणि आमच्याकडे बघून म्हणाले, "तुम्ही होय म्हणा हां."

"नो नो," डायरेक्टर म्हणाला. "कोणी बोलायचं नाही. साउंड खराब होतो. फक्त हेच बोलणार."

मग शांत झालं सगळं. आणि बाबांनी आवाज लावला. खणखणीत आवाज होता त्यांचा. साचेखात्यात त्या खडखडाटात एकमेकांशी बोलून कमावलेला.

"बा गावच्या राखणदारा म्हाराजा! तुझा लेकरू पोट भरूक मुंबैक इला, ता तुझ्याच हुकमान इला. आज तेच्या तोंडातलो घास गेलो हा. गिरणीचो दरवाजो बंद हा, भोंगो बंद हा. जो कोण आडवो पडलो आसात तेका बाजूक कर. गेट उघाड, साचे चालू कर, आणि ज्येका त्येका आपापल्या जाग्यार उभो कर रे म्हाराजा!"

प्रत्येक वाक्यानंतर ते थांबत होते. सवयच ती. थांबले की तेवढी जागा रिकामी राहायची. आईचे ओठ हलले, पण डायरेक्टरच्या माणसाने तिच्याकडे बघून बोट ओठांवर ठेवलं. कसली जुलमाची शांतता होती ती! मला ओरडावंसं वाटत होतं.

"ब्यूटिफुल," डायरेक्टर म्हणाला. "क्या फेस है! एकदा परत करूया?"

"गाऱ्हाणा दोनदा घालूचा नसता," बाबा म्हणाले आणि कांबळं काढून ठेवलं. डायरेक्टरने खूप समजावलं, पण ते ऐकेनात. एकही शब्द त्या माणसाला कळला नव्हता, हे तेव्हाच माझ्या लक्षात आलं होतं.

घरी येताना बाबा काकांबरोबर चालत होते. नारळ फोडला नव्हता, तसाच हातात होता. शेवटी काकांना म्हणाले, "घाट्या, गाऱ्हाणा लटाकला रे. होय कोणी म्हटल्यान नाय."

काका त्यांना बरं वाटावं म्हणून म्हणाले, "अरे यार, लटकतंय कसलं! टॉकीजमध्ये लागेल ना. देशभर लोक बघणार, ते म्हणतील की होय म्हाराजा!"

गंमत केली होती त्यांनी. पण बाबा रस्त्यात थांबले. त्यांनी काकांकडे बघितलं, आणि त्यांचा चेहरा उजळला. त्या दिवसापासून ते एकच धरून बसले. दिवसाला चार खेळ. एवढ्या टॉकीज. प्रत्येक खेळाला आपलं गाऱ्हाणं होणार आणि प्रत्येक खेळाला माणसं ऐकणार. दहातल्या एकाने जरी होय म्हटलं तरी देवाला कान बंद करता येणार नाहीत. "इतको मोठो होय आजपर्यंत कोणाक गावलो नसतलो," असं ते आईला सांगायचे. आई मान हलवायची. काय सांगणार होती ती? नवरा संपानंतर पहिल्यांदा पोटभर जेवत होता.

वर्ष गेलं जवळजवळ. नारळ देवांच्या फळीवर ठेवलेला. परळला गेट बघायला जाणं त्यांनी बंद केलं, आता गरजच काय म्हणून. आमच्या घरांच्या रांगेतल्या सगळ्यांना त्यांनी होय म्हाराजा म्हणायला शिकवलं. युपीचे भय्ये, गुजराती मावशी, कानडी टेलर, कुणाला सोडलं नाही. "मी थांबलंय की म्हणायचा, आधी नाय," असं बजावायचे. लोक हसायचे, पण त्यांना बाबा आवडायचे. शेवटी एकदा काका बातमी घेऊन आले: पुढच्या शुक्रवारी बोरिवलीच्या टॉकीजमध्ये फाइटिंगच्या पिक्चरच्या आधी लागतेय.

अख्खी रांग गेलो आम्ही. बाबांनी पांढरी टोपी घातली होती आणि पिशवीत नारळ. होय झालं की बाहेर येऊन पायरीवर फोडायचा आणि खोबरं वाटायचं, असं ठरलेलं.

दिवे गेले. डोंगर आले, नद्या आल्या, उंट आले. मागे बासरी चालू. बाबा खुर्चीच्या टोकाला येऊन बसले होते. मग मिठागराचं पाणी चमकलं. ते आमचं चारकोप होतं! गाळे नाहीत, डंपर नाही, डेब्रिज नाही. आपण इतक्या सुंदर ठिकाणी राहतो हे मला टॉकीजमध्ये कळलं, आणि असा संताप आला म्हणून सांगू! मग बाबांचा चेहरा आला, भिंतीएवढा. ओठ हलायला लागले.

आवाज नव्हता.

बासरीच चालू होती. बाबांचे ओठ हलत होते, गळ्याच्या शिरा ताणलेल्या दिसत होत्या, आणि बासरी! मग कुणीतरी जाड्या, मखमली आवाजात हिंदीतून बोलायला लागला. या भूमीचा शेतकरी किती समाधानी आहे वगैरे वगैरे. आणि म्हणाला, "यह कुछ नहीं माँगता. यह बस धरती माँ को धन्यवाद देता है."

पडद्यावर बाबांचे ओठ थांबले. आणि काकांनी, ज्यांनी जन्मात कुठल्या देवाला हात जोडला नव्हता त्या काकांनी, जिवाच्या आकांताने हाक दिली, "होय म्हाराजा!" त्यांच्यामागून आमची सगळी रांग ओरडली, "होय म्हाराजा!" मागून शिट्ट्या आल्या, कुणीतरी म्हणालं, "ए, बैठ ना रे!" आणि तोवर पडद्यावर हत्ती आला होता.

पिक्चर आम्ही बघितला नाही. बाहेर पायरीवर येऊन बाबा उभे राहिले.

"माझो आवाज खंय गेलो?" त्यांनी काकांना विचारलं.

मीच पुढे झाले, म्हटलं, "बाबा, होय झालं ना! सगळ्यांनी म्हटलं."

"कशाक झाला, बाय?" बाबा म्हणाले. आवाज अगदी साधा होता, चिडलेले नव्हते. "माझा मागणा खंय कोणी ऐकला? तो बोललो, ह्यो काय मागत नाय. त्येका होय म्हटलास तुम्ही. इतक्या माणसांनी होय म्हटल्यानी."

नारळ तसाच पिशवीत घेऊन आम्ही घरी आलो.

काका डायरेक्टरकडे जाऊन भांडले. मूळ आवाज परत घाला म्हणाले. प्रिंट निघाली, आता काही होत नाही, असं उत्तर मिळालं. निदान ती टेप तरी द्या म्हणाले. ती पुसून दुसऱ्या शूटिंगला वापरली होती. बाबांचा तो आवाज असा गेला.

त्यानंतर बाबांनी गाऱ्हाणं घातलं नाही. गणपती आले, आई नारळ हातात देऊन विनवण्या करायची, "अवो, पोरीसाठी तरी घाला." ते नुसते हात जोडून बाजूला व्हायचे. 'काय मागत नाय' याला होय झालेलं होतं, आता मागायचं कुठल्या तोंडाने? मी भांडायचे त्यांच्याशी. ती बासरी होती, तो भाड्याने आणलेला आवाज होता, देव काय असल्या फालतू गोष्टी ऐकतो? ते ऐकून घ्यायचे. गाळ्यांच्या इस्टेटीत त्यांनी वॉचमनची नोकरी धरली. सकाळी गेट उघडायचं, संध्याकाळी लावायचं. कधी रजा मागितली नाही, पगार वाढवून मागितला नाही, घरी पाणीसुद्धा मागायचे नाहीत, स्वतः उठून घ्यायचे. आणि परळला गिरणीतले साचे भंगारात गेले. ही बातमी काकांना आधी कळली होती. त्यांनी ती बाबांना सांगितली नाही, आम्हीही नाही.

पुढे त्यांची छाती धरली. इतकी वर्षं श्वासातून आत गेलेला कापूस, दुसरं काय! औषधं झाली, कूपर हॉस्पिटलची वारी झाली, मग डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं. आवाज आधी बसला, मग पार गेला. बोलायला गेले की नुसती हवा यायची.

एका सकाळी त्यांनी फळीकडे बोट केलं. आईला कळेना. मी नारळ काढून दिला. तोच नारळ, आत पाणी आटून खुळखुळ वाजणारा. त्यांनी तो दोन्ही हातांत घट्ट धरला, आणि त्यांचे ओठ हलायला लागले.

काका आले होते बघायला, ते दारातच थांबले. आम्ही तिघांनी ते ओठ आधी एकदा बघितले होते, भिंतीएवढे. बाबा थांबले. आमच्याकडे बघितलं. ते तसेच बघत राहिले, वाट बघत, आणि मग आई म्हणाली, "होय म्हाराजा."

परत ओठ हलले, परत थांबले. या वेळी आम्ही तिघांनीही म्हटलं. काका तर रडत रडत म्हणत होते. असं पुन्हा पुन्हा झालं. किती काय मागत होते! आणि प्रत्येक मागण्याला होय मिळालं की चेहऱ्यावर अशी सुटल्यासारखी शांती यायची, जी मी चारकोपला आल्यापासून बघितली नव्हती. शेवटी नारळ माझ्या हातात दिला. मी तो दारातल्या त्या डेब्रिजच्या पायरीवर फोडला. आत खोबरं सुकून वाटी सुटली होती. एक तुकडा त्यांच्या ओठांना लावला.

संध्याकाळी दिवे लागायच्या आत ते गेले.

दिवस झाले, माणसं येऊन गेली. आई काज-बटणं घेऊन बसायची आणि सुई हातात तशीच राहायची. एक दिवस मला म्हणाली, "तेनी काय मागला आसतला गो?"

"काय मागणार आई? गिरणीच."

"होय तर आपण म्हटला होता," आई म्हणाली. "तिघांनी म्हटला. सगळ्याक म्हटला."

"मग?"

"मग गिरण खंय उघाडली? गेले तर ते त्याच सांजेक."

तिने सुईत दोरा ओवायला घेतला, तो जाईना, मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "पयलो होय मीच म्हटलंय गो."